बेस्टची विजेवरील डबल डेकर: गाडी उत्तम, ताफा अपुरा

फेब्रुवारी २०२३ मध्ये छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस (सीएसएमटी) ते नरिमन पॉइंटचे एनसीपीए या ए-११५ क्रमांकाच्या मार्गावर बेस्टची विजेवर चालणारी वातानुकूलित डबल डेकर सुरू झाली. जुन्या लाल डबल डेकरविषयी मुंबईकरांच्या मनात इतका जिव्हाळा होता की या नव्या गाडीकडे फारसे कोणी तटस्थपणे पाहिलेच नाही. काहींनी तिला डोक्यावर घेतले, तर काहींनी ‘ती जुनी मजा नाही’ म्हणून नाक मुरडले. कामानिमित्त दक्षिण मुंबईत रोज ये-जा करणारा प्रवासी या नात्याने मला तिच्याविषयी वेगळ्या अंगाने लिहायचे आहे. बस ही रोजच्या उपयोगाची सोय आहे आणि तिची पारख रोजच्या उपयोगातच व्हायला हवी.

आधी गाडीविषयी. अशोक लेलँड समूहातील स्विच मोबिलिटी या कंपनीने बनवलेल्या या बसमध्ये दोन्ही मजले मिळून सुमारे पासष्ट प्रवाशांना बसण्याची सोय आहे. तिच्यात २३१ किलोवॅट-तास क्षमतेची बॅटरी आहे. समान आकाराच्या एकमजली बसच्या तुलनेत गाडीचे स्वतःचे वजन केवळ अठरा टक्के वाढते आणि प्रवासी मात्र जवळजवळ दुप्पट मावतात, असे निर्मात्याचे म्हणणे आहे. मुंबईसारख्या शहरात या आकड्याला फार महत्त्व आहे. येथे रस्ता वाढत नाही, वाहने वाढतात. सिग्नलला उभी असलेली डबल डेकर रस्त्याची जेवढी लांबी अडवते, तेवढ्याच लांबीत दोन-तीन मोटारी उभ्या राहतात आणि त्यांत बहुधा एकेकच माणूस असतो.

जुन्या डबल डेकरला वर जायला एकच जिना होता. त्यामुळे गर्दीच्या वेळी वरून उतरणारे आणि खालून चढणारे प्रवासी जिन्याच्या तोंडाशीच एकमेकांना अडवत असत. नव्या गाडीला दोन जिने आहेत. आराखड्यातील ही सुधारणा मला सर्वांत मोलाची वाटते, कारण बसचा पुष्कळसा वेळ थांब्यावरच जातो, हे रोजच्या प्रवाशाला सांगावे लागत नाही. दरवाजे आपोआप उघडतात आणि मिटतात. मागच्या उघड्या फलाटावर लटकून जाण्याचा प्रकार त्यामुळे बंद झाला आणि तो बंद झाला हे फार बरे झाले. धावत्या बसमधून उतरण्याचे कौतुक आपल्या शहराने पुष्कळ केले. त्यात किती जणांचे पाय मोडले, हे मात्र कोणी फारसे आठवत नाही.

जिना चढताना मात्र दांडा घट्ट धरावा. विजेच्या मोटारीला डिझेल इंजिनासारखी टप्प्याटप्प्याने ओढ येत नाही. चालकाने पाय दाबताक्षणी तिचा जोर चाकांना मिळतो. त्यामुळे गाडी सुटते त्या क्षणी जिन्यावरील माणसाचा तोल जाऊ शकतो. चालक सराईत असेल तर ही सुरुवात इतकी मऊ होते की खिडकीबाहेरचे दृश्य सरकू लागल्यावरच गाडी निघाल्याचे कळते. हात नवखा असेल तर प्रत्येक थांब्यावर हिसका बसतो. ज्येष्ठ नागरिकांनी आणि लहान मूल कडेवर असलेल्यांनी खालच्या मजल्यावरच बसावे, असे मी आवर्जून सुचवेन.

वरच्या मजल्याचे सुख आहे तसेच आहे, किंबहुना काही बाबतींत वाढले आहे. सीएसएमटीच्या थांब्यावर गाडी उभी असताना वरच्या पुढच्या आसनावर बसून समोर पाहावे. फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स यांनी आराखडा केलेल्या दोन इमारती, म्हणजे रेल्वेचे हे टर्मिनस आणि समोरची महापालिकेची इमारत, तेथे आमनेसामने उभ्या आहेत. खालून मान वर करून पाहिले की त्यांचे मनोरे तेवढे डोळ्यांत भरतात. वरच्या मजल्यावरून नजर थेट भिंतींवर जाते आणि त्या दगडांत कोरलेली पाने, पक्षी, प्राणी निवांतपणे पाहता येतात. गाडी फोर्टातून जाऊ लागली की वडा-पिंपळाच्या फांद्या काचेच्या अगदी जवळून सरकतात. कधी पाने छपराला घासल्याचा आवाज येतो आणि एरवी वर असतो म्हणून न दिसणारा दुकानांचा दुसरा मजला, तेथील लाकडी सज्जे, जुन्या कंपन्यांच्या पुसट पाट्या, सारे समोर येते. मुंबईत जन्म गेलेल्या माणसालाही आपल्या शहराची ही पातळी क्वचितच पाहायला मिळते.

या गाडीतील शांतता ही तिची दुसरी मोठी जमेची बाजू. जुन्या गाडीत इंजिनाची घरघर आसनातून पाठीत उतरत असे आणि सिग्नलला थांबल्यावर खिडक्यांच्या काचा थरथरत. येथे गाडी थांबली की आवाजही थांबतो. शेजाऱ्याशी हळू आवाजात बोलता येते, फोनवर ओरडावे लागत नाही, वाचताना अक्षरे नाचत नाहीत. दिवसभर कचेरीत डोके शिणलेल्या माणसाला संध्याकाळी या गोष्टीचे मोल फार वाटते.

वातानुकूलनाबद्दल मत द्यायचे तर मे महिन्यातील दमट दुपारी आणि जुलैच्या मुसळधार पावसात ते वरदानच आहे. पावसाळ्यात जुन्या बसच्या खिडक्या बंद केल्या की आत कोंदट होई आणि उघडल्या की शेजारचा प्रवासी भिजे. ही अडचण आता राहिलेली नाही. पण डिसेंबर-जानेवारीत, समुद्राकडून सुखद वारा येत असताना बंद काचेआड बसावे लागते, याची रुखरुख लागते. वाऱ्यावर चालणारा तो मोफत गारवा आपण गमावला आहे आणि तो परत मिळणार नाही, कारण खिडक्या उघडल्या की वातानुकूलनाला अर्थ उरत नाही. वर्षातील नऊ-दहा महिन्यांचा हिशेब केला तर हा सौदा मला मान्य आहे.

तिकिटाविषयी थोडक्यात सांगतो. ही सेवा सुरू झाली तेव्हा पहिल्या पाच किलोमीटरला सहा रुपये पडत. मे २०२५ च्या भाडेवाढीनंतर वातानुकूलित बसचे किमान भाडे बारा रुपये झाले आहे. वाढ दुपटीची आहे आणि रोज दोनदा प्रवास करणाऱ्या कारकुनाला, शिपायाला ती जाणवते. तरीही मिळणारा आराम पाहता बारा रुपये जास्त आहेत, असे मी म्हणणार नाही. चलो कार्ड किंवा मोबाइलवरील चलो ॲप असेल तर सुट्ट्या पैशांचा प्रश्नच येत नाही.

हे झाले गाडीचे. सेवेविषयी बोलायचे तर मुंबईच्या वाहतुकीतील एक विसरले गेलेले प्रकरण उघडावे लागेल, कारण विजेवरची बस या शहरात पूर्वीही येऊन गेली आहे. ११ जून १९६२ रोजी बेस्टने गोवालिया टँक ते माझगाव डॉक या मार्गावर ट्रॉलीबस सुरू केली. २४ मार्च १९७१ रोजी ती बंद झाली. मुंबईची ट्राम ३१ मार्च १९६४ रोजी शेवटची धावली, म्हणजे जवळजवळ दोन वर्षे या शहरात ट्राम, ट्रॉलीबस आणि डिझेलची डबल डेकर ही तिन्ही वाहने एकाच उपक्रमाच्या छत्राखाली रस्त्यावर होती. ट्रामविषयी आपल्याकडे भरभरून लिहिले जाते. ट्रॉलीबसविषयी मात्र माझगाव-भायखळ्याकडच्या जुन्या रहिवाशांखेरीज कोणाला फारसे काही ठाऊक नसते.

ट्रॉलीबसची रचना समजून घेण्यासारखी आहे. ट्रामला डोक्यावर एकच तार पुरते, कारण वीज तारेतून येते आणि रुळांतून परत जाते. ट्रॉलीबस रबरी टायरवर चालते. तिला रूळ नाहीत, म्हणून वीज परत नेण्यासाठी दुसरी तार लागते. छतावरील दोन लांब दांड्या या दोन तारांना टेकलेल्या असतात. दांड्यांना थोडे डावी-उजवीकडे वळण्याची मुभा असल्यामुळे गाडी रस्त्याच्या एका बाजूला सरकू शकते, पण मर्यादेबाहेर गेली, वळणावर वेग अधिक झाला किंवा तारांच्या जोडावर धक्का बसला की दांडी तारेवरून निसटते आणि गाडी जागीच उभी राहते. आमचे थोरले काका माझगावला वाढले. ते सांगतात, “दांडी सुटली की कंडक्टर खाली उतरायचा, ती परत तारेवर बसवायचा आणि तोवर मागे गाड्यांची रांग लागायची. आम्हा पोरांना तेवढीच गंमत.” पोरांची गंमत झाली तरी वेळेवर गोदीत पोहोचायचे असलेल्या कामगाराला ती खासच परवडणारी नव्हती.

तरीही ट्रॉलीबस ही मुळात चुकीची कल्पना होती, असे मला वाटत नाही. तिला बॅटरीचे ओझे वाहावे लागत नाही, दिवसातून काही तास चार्जिंगसाठी उभे राहावे लागत नाही, धूर नाही, आवाज नाही. शिवाय बेस्ट हा स्वतःच वीज वितरण करणारा उपक्रम आहे. आजही कुलाब्यापासून शीव-माहीमपर्यंतच्या शहर भागात घरोघरी वीज पोहोचवण्याचे काम तोच करतो. विजेवरची बस चालवण्याची याहून सोयीची परिस्थिती देशातील क्वचितच एखाद्या शहराला लाभली असेल. मग ती टिकली का नाही? माझ्या मते मुख्य कारण तिचे एकटेपण होते. एका मार्गासाठी तारा टाका, त्या सांभाळणारे कर्मचारी वेगळे ठेवा, सुटे भाग वेगळे आणा, चालकांना वेगळे शिकवा आणि एवढे करूनही ती गाडी दुसऱ्या कोणत्याही मार्गावर पाठवता येणार नाही. ताफा मोठा असता तर हा खर्च अनेक मार्गांवर विभागला गेला असता. एकाच मार्गावर तो अंगावर येतो आणि काटकसरीचा पहिला घाव अशाच सेवेवर पडतो.

प्राग शहराने १९७२ मध्ये, म्हणजे मुंबईच्या पुढच्याच वर्षी, आपली ट्रॉलीबस बंद केली होती. चेक प्रजासत्ताकाच्या या राजधानीने २०१७ मध्ये एका चढाच्या रस्त्यावर प्रायोगिक तार टाकून ती पुन्हा सुरू केली. नव्या गाड्यांत तारही आहे आणि बॅटरीही. तारेखालून जाताना बॅटरी चार्ज होते आणि तार संपली की गाडी बॅटरीवर पुढे जाते. जिथे जास्त शक्ती लागते त्या चढावर तार, बाकी ठिकाणी बॅटरी, असा तो विचार आहे. मार्च २०२४ पासून तेथील विमानतळाकडे जाणाऱ्या मार्गावर चोवीस मीटर लांबीच्या ट्रॉलीबस धावत आहेत. मुंबईत पुन्हा तारा टाकाव्यात, असे मी सुचवत नाही. आपल्या रस्त्यांवर गणपतीच्या उंच मूर्तींच्या मिरवणुका निघतात आणि मेट्रोचे खांब उभे आहेत. पण त्या शहराने सेवा परत आणताना ती वाढवत नेली, ही गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे.

याच कसोटीवर आपली डबल डेकर मला काळजीत टाकते. बॅटरीमुळे तारेचा प्रश्न मिटला. ही गाडी शहरात कुठेही पाठवता येते आणि कुर्ला, वांद्रे-कुर्ला संकुल या बाजूलाही तिच्या फेऱ्या सुरू झाल्या. पण संख्येचा प्रश्न जसाच्या तसा आहे. एके काळी बेस्टकडे सुमारे नऊशे डबल डेकर होत्या. २०२२ च्या सुरुवातीला विजेवरील नऊशे डबल डेकर भाडेतत्त्वावर घेण्याचे ठरले, तेव्हा तो जुना ताफा परत उभा राहील, अशी आशा वाटली होती. त्यातील दोनशे गाड्यांचे कंत्राट ज्या कंपनीकडे होते, तिच्याकडून प्रत्यक्षात पन्नासच्या आसपास गाड्या आल्या आणि उरलेल्या सातशेंचे कंत्राट तडीस गेलेच नाही. दरम्यान सप्टेंबर २०२३ मध्ये डिझेलवरची शेवटची डबल डेकर निरोप घेऊन गेली. म्हणजे जुन्या गेल्या, नव्या पुरेशा आल्या नाहीत. एकूण ताफ्याचेही तेच झाले आहे: पंधरा वर्षांपूर्वी चार हजारांच्या वर असलेल्या बसगाड्या आता तीन हजारांच्याही खाली आल्या आहेत.

पन्नास गाड्या कागदावर बऱ्या वाटतात. पण त्या तीन-चार मार्गांवर वाटल्या, देखभालीसाठी आगारात उभ्या असणाऱ्या वजा केल्या, चार्जिंगचा वेळ धरला, की एका मार्गावर किती उरतात याचा अंदाज कोणालाही बांधता येईल. प्रवाशाला शेवटी एवढेच हवे असते की थांब्यावर गेल्यावर बस येईल याची खात्री असावी. दर पाच-सात मिनिटांनी येणारी साधी बस ही कधीतरी येणाऱ्या देखण्या बसपेक्षा केव्हाही श्रेष्ठ आहे. या गाडीचे सौंदर्य मला मनापासून आवडते आणि म्हणूनच ती केवळ पर्यटकांनी छायाचित्रे काढण्यापुरती उरू नये, असे तळमळीने वाटते.

भाडेतत्त्वाच्या पद्धतीविषयीही लिहिणे भाग आहे. या पद्धतीत गाडी, चालक आणि देखभाल कंत्राटदाराची असते आणि बेस्ट त्याला प्रत्येक किलोमीटरमागे पैसे देते. भांडवल एकदम गुंतवावे लागत नाही, हा तिचा फायदा. परंतु कंत्राटदाराला परवडेनासे झाले की तो गाड्या काढून घेऊ शकतो आणि मुंबईत गेल्या काही वर्षांत असे एकाहून अधिक वेळा घडले आहे. चालकांच्या प्रशिक्षणाची जबाबदारीही अशा वेळी दोन हातांत विभागली जाते. ९ डिसेंबर २०२४ रोजी कुर्ल्यात विजेवरील एका एकमजली बसच्या भीषण अपघातात माणसे दगावली, त्यानंतर क्लच आणि गिअरच्या गाडीवरून या नव्या गाडीवर येणाऱ्या चालकाला किती दिवस शिकवले जाते, हा प्रश्न साऱ्या शहराने विचारला. वर मी ज्या हिसक्याचा उल्लेख केला, तो केवळ सुखसोयीचा मुद्दा नाही. मोटारीची ती तत्काळ ओढ ओळखीची होईपर्यंत चालकाला गर्दीच्या रस्त्यावर एकटे सोडू नये आणि हे काम कंत्राटदारावर न सोपवता बेस्टने आपल्या अनुभवी प्रशिक्षकांकडे ठेवावे, असे माझे स्पष्ट मत आहे. मुंबईच्या बसचालकांचा लौकिक देशभर होता. तो अशाच कसून घेतलेल्या शिक्षणातून निर्माण झाला होता.

ऑक्टोबर २०२५ मध्ये भुयारी मेट्रो-३ चा शेवटचा टप्पा खुला झाला आणि सीएसएमटी, हुतात्मा चौक, चर्चगेट, विधान भवन ही स्थानके जोडली गेली. आता डबल डेकरची गरजच काय, असे काही जण विचारतात. मला हा प्रश्न घाईचा वाटतो. मेट्रोसाठी सरकते जिने उतरून खोल जावे लागते, सुरक्षा तपासणीतून पुढे सरकावे लागते आणि बाहेर पडल्यावर पुन्हा चालावे लागते. लांबच्या अंतरासाठी हे सारे करणे योग्यच आहे. आरे किंवा वांद्र्याहून येणाऱ्याने मेट्रोच धरावी. पण दोन-तीन किलोमीटरच्या प्रवासात पदपथावरून थेट बसमध्ये चढणे आणि कचेरीच्या दाराजवळ उतरणे अधिक सोयीचे आहे, विशेषतः गुडघे दुखणाऱ्यांना आणि हातात सामान असणाऱ्यांना. मेट्रोमुळे लांबच्या प्रवाशांचा भार कमी होईल, तर स्थानकापासून पुढच्या शेवटच्या टप्प्यासाठी बसची मागणी वाढेल. तेथे या गाड्या लावाव्यात.

एकूण मत असे: वाहन म्हणून ही डबल डेकर उत्तम आहे, सेवा म्हणून ती अपुरी आहे आणि हा अपुरेपणा गाडीचा नसून नियोजनाचा आहे. ज्यांना ती अजून अनुभवायची आहे त्यांनी वेळ निवडताना कचेऱ्यांचा ओघ लक्षात ठेवावा. सकाळी सारी गर्दी सीएसएमटीहून नरिमन पॉइंटकडे असते आणि संध्याकाळी तिथून परत. वरची पुढची जागा हवी असेल तर सकाळी एनसीपीएहून सीएसएमटीकडे यावे किंवा संध्याकाळी सीएसएमटीहून एनसीपीएकडे जावे. मुले बरोबर असतील तर रविवार टाळून एखादी शनिवारची सकाळ पाहावी, पुढच्या जिन्याने चढावे आणि उतरण्याचा थांबा येण्यापूर्वी, आधीच्या थांब्यावर गाडी उभी असतानाच, मागच्या जिन्याने खाली येऊन दाराजवळ उभे राहावे.